विश्लेषण : सिमेंटचा पत्रा रंगवण्याआधी घासायचा की नाही?

उन्हाळा तोंडावर आला की नागपूर आणि परिसरात छतांना पांढरा रंग मारण्याची लगबग सुरू होते. रंग नीट धरावा म्हणून त्याआधी छतावरचे शेवाळ, काजळी आणि जुना थर घासून काढण्याची पद्धत आहे. तोंडाला दुपट्टा बांधायचा, तारेचा ब्रश किंवा ग्राइंडर चालवायचा आणि खाली अंगणात उतरलेली करडी धूळ झाडून टाकायची, एवढीच काय ती काळजी घेतली जाते. मात्र सिमेंटच्या पत्र्यावरून उडणारी धूळ रस्त्यावरच्या मातीसारखी नसते. त्या पत्र्यात काय आहे, तो घासल्यावर काय होते आणि न घासता रंग कसा देता येतो, हे समजून घेणे घरमालकासाठी गरजेचे आहे. छतावर चढणाऱ्या रंगाऱ्यासाठी तर त्याहून अधिक.

वाडीत हा प्रश्न महत्त्वाचा का?

अमरावती रस्त्यावरची वाडी म्हणजे नागपूरचे पश्चिमेकडचे प्रवेशद्वार. ट्रान्सपोर्टची कार्यालये, खडगाव रोडवरची गोदामे, जवळच अंबाझरीची आयुध निर्माणी आणि हिंगणा एमआयडीसी. या सगळ्यांच्या आधाराने कामगारांच्या वस्त्या वाढल्या. अशा वस्तीत आणि गोदामात स्लॅब परवडला नाही तर छतासाठी दोनच पर्याय उरतात, टिन किंवा सिमेंटचा पत्रा. सिमेंटचा पत्रा गंजत नाही, पावसात टिनासारखा वाजत नाही आणि उन्हात टिनाइतका लवकर तापत नाही. त्यामुळे त्याला मागणी राहिली.

मे महिन्यात नागपूरचा पारा ४५ अंशांच्या पुढे जातो. पांढरा रंग ऊन परतवतो आणि घरातला उकाडा काही अंशी कमी करतो. म्हणजे छत रंगवणे ही हौस नसून गरज आहे. अडचण रंगात नाही, रंगाआधीच्या घासकामात आहे.

योगायोग असा, की धुळीने होणाऱ्या फुप्फुसाच्या आजारांचा अभ्यास करणारी देशातली एक महत्त्वाची संस्था वाडीतच आहे. १९९० मध्ये स्थापन झालेली राष्ट्रीय खनिक स्वास्थ्य संस्था, म्हणजेच ‘एनआयएमएच’, अमरावती रस्त्यावर जवाहरलाल नेहरू ॲल्युमिनियम संशोधन केंद्राच्या आवारातून काम करत आली आहे. अहमदाबादच्या राष्ट्रीय व्यावसायिक आरोग्य संस्थेत तिचे विलीनीकरण करण्यास केंद्रीय मंत्रिमंडळाने जुलै २०१९ मध्ये मंजुरी दिली. खाणीतल्या धुळीचा धोका ही संस्था तपासते. त्याच जातीची धूळ आपल्या छतावरूनही उडू शकते, हे मात्र आपल्या लक्षात येत नाही.

सिमेंटचा पत्रा आणि फायबर सिमेंट बोर्ड एकच आहेत का?

दिसायला सारखे, पण पोटात वेगळे. सिमेंट एकटे ठिसूळ असते. त्याचा पातळ पत्रा करायचा तर आत धाग्यांचा आधार लागतो. ऑस्ट्रियाच्या लुडविग हॅटशेक यांनी १९०० च्या सुमारास कागद बनवण्याच्या यंत्रासारख्या यंत्रावर सिमेंट आणि ॲस्बेस्टॉसचा लगदा थरावर थर देऊन पत्रा तयार केला. आजही जगभर मुळात हीच पद्धत वापरली जाते.

आपल्याकडच्या नालीदार सिमेंट पत्र्यात सर्वसाधारणपणे ८ ते १० टक्के ॲस्बेस्टॉस असते. बाकी सिमेंट, राख आणि थोडा कागदी लगदा. यात वापरले जाते ते ‘क्रायसोटाइल’ म्हणजे पांढरे ॲस्बेस्टॉस. हे जमिनीतून निघणारे, केसांहून कितीतरी बारीक तंतूंचे खनिज आहे.

फायबर सिमेंट बोर्ड हा त्याचा नवा भाऊ. पार्टिशन, फॉल्स सीलिंग, बाहेरच्या भिंतीवरचे क्लॅडिंग, साइट ऑफिस, गच्चीवरची खोली अशा कामांत तो वापरला जातो. ॲस्बेस्टॉसमुक्त बोर्डात लाकडाच्या लगद्याचे किंवा कृत्रिम धागे असतात. त्यामुळे ॲस्बेस्टॉसचा प्रश्न मिटतो, पण दुसरा उरतो. सिमेंटच्या जोडीला त्यात बारीक वाळू किंवा राख असते आणि वाळू म्हणजे सिलिका. बोर्ड अखंड असताना ती बांधलेली असते. घासला किंवा कापला की ती हवेत येते.

थोडक्यात, एकाच्या धुळीत ॲस्बेस्टॉस आहे, दुसऱ्याच्या धुळीत सिलिका. जागतिक आरोग्य संघटनेच्या कर्करोग संशोधन संस्थेने दोन्हींना पहिल्या गटात, म्हणजे माणसात निश्चितपणे कर्करोग घडवणाऱ्या पदार्थांत ठेवले आहे.

आपल्या घरावर कोणता आहे, हे कसे ओळखायचे?

नुसत्या डोळ्यांनी ओळखता येत नाही. खात्रीचे उत्तर प्रयोगशाळेतल्या सूक्ष्मदर्शकाखालीच मिळते. तरी काही खुणा उपयोगी पडतात. पत्र्यावर किंवा बिलावर ‘आयएस ४५९’ हा मानक क्रमांक असेल तर तो ॲस्बेस्टॉस सिमेंटचा पत्रा आहे, कारण हे भारतीय मानकच त्या पत्र्यासाठी आहे. नवा बोर्ड घेताना ‘ॲस्बेस्टॉसमुक्त’ हा शब्द बिलावर किंवा कंपनीच्या माहितीपत्रकात लेखी आहे का ते पाहावे. दुकानदाराने तोंडी सांगितलेले पुरेसे नाही.

छपाई पुसली गेली आहे, बिल सापडत नाही, पत्रा वडिलांच्या काळातला आहे, अशा वेळी एकच नियम लावावा : नालीदार सिमेंट पत्रा आहे म्हणजे त्यात ॲस्बेस्टॉस आहे, असेच धरून चालायचे. तपासण्यासाठी कोपरा तोडून पाहणे हा शहाणपणा नाही. तोडतानाच धूळ उडते.

परदेशी व्हिडिओतला सल्ला इथे का चालत नाही?

मोबाइलवर ‘फायबर सिमेंट कसे रंगवावे’ असे शोधले की अमेरिका किंवा ऑस्ट्रेलियातले व्हिडिओ समोर येतात. त्यात माणूस मास्क लावून, सँडर चालवून लाकडासारख्या दिसणाऱ्या पट्ट्या घासताना दिसतो. तिथल्या अलीकडच्या घरांवरचे हे पट्टे ॲस्बेस्टॉसमुक्त असतात. ब्रिटनने १९९९ मध्ये ॲस्बेस्टॉसवर बंदी घातली, ऑस्ट्रेलियात ३१ डिसेंबर २००३ पासून संपूर्ण बंदी आहे आणि युरोपीय संघात २००५ पासून. त्यामुळे ‘घर अमुक सालानंतरचे असेल तर चिंता नाही’ हा तिथला हिशेब त्यांच्यापुरता बरोबर आहे.

आपल्याकडे सालाचा हिशेब लागू होत नाही. भारतात ॲस्बेस्टॉसच्या खाणकामावर निर्बंध आले, पण आयात आणि पत्र्यांचे उत्पादन सुरू राहिले. भारत ॲस्बेस्टॉसच्या जगातल्या सर्वांत मोठ्या आयातदारांपैकी एक आहे. परिणामी चाळीस वर्षे जुन्या पत्र्यात ॲस्बेस्टॉस असते, तसेच अलीकडे घेतलेल्या पत्र्यातही असू शकते. परदेशी बोर्डासाठी दिलेला ‘हलके सँडिंग करा’ हा सल्ला वाडीतल्या छतावर नेला, तर तो सल्ला न राहता धोका होतो.

घासल्यावर शरीरात नेमके काय होते?

डोळ्यांना दिसणारी धूळ जाड असते. ती नाकात, घशात अडकते आणि थुंकीवाटे बाहेर पडते. खरा त्रास न दिसणाऱ्या धुळीचा. माणसाचा केस साधारण ७० मायक्रॉन जाडीचा असतो. चार मायक्रॉनहून लहान कण थेट फुप्फुसाच्या शेवटच्या फुग्यांपर्यंत पोहोचतात. जाड धूळ खाली बसून हवा स्वच्छ दिसू लागते, तेव्हाही हे कण तासन् तास तरंगत असतात.

सिलिकाचे कण फुप्फुसात गेले की शरीराच्या संरक्षक पेशी ते गिळतात, पण पचवू शकत नाहीत. त्या पेशी मरतात, तिथे सूज येते आणि हळूहळू व्रण तयार होतात. फुप्फुस कडक होत जाते. हाच सिलिकोसिस. तो बरा करणारे औषध नाही. सिलिकोसिस झालेल्या माणसाला क्षयरोग होण्याचा धोकाही वाढतो. दोन्हींत खोकला, दम आणि वजन घटणे ही लक्षणे सारखीच असल्याने एकाला दुसरा समजण्याची चूक होते.

ॲस्बेस्टॉसचा तंतू उभा चिरत जातो. एका तंतूतून आणखी बारीक तंतू निघतात आणि फुप्फुसात किंवा त्यावरच्या आवरणात रुतून बसतात. त्यातून ॲस्बेस्टॉसिस, फुप्फुसाचा कर्करोग आणि मेसोथेलिओमा हा आवरणाचा कर्करोग होऊ शकतो. मेसोथेलिओमा दिसायला साधारण २० ते ५० वर्षे लागतात. विशीतल्या रंगाऱ्याने घेतलेला श्वास साठीत आजार होऊन समोर येतो, तेव्हा त्या छताची आठवणही उरलेली नसते. धूम्रपान करणाऱ्याच्या बाबतीत फुप्फुसाच्या कर्करोगाचा धोका कित्येक पटींनी वाढतो. कामाच्या ठिकाणच्या ॲस्बेस्टॉसमुळे जगात दरवर्षी दोन लाखांहून अधिक मृत्यू होतात, असे जागतिक आरोग्य संघटना सांगते.

थोड्याशा धुळीने काय बिघडते?

‘थोडीशी’ म्हणजे किती, हे आकड्यांत पाहू. अमेरिकेत कामाच्या ठिकाणी आठ तासांच्या सरासरीने एका घनमीटर हवेत ५० मायक्रोग्रॅमपेक्षा अधिक श्वसनीय सिलिका चालत नाही. दहा बाय दहाच्या, दहा फूट उंच खोलीत सुमारे २८ घनमीटर हवा मावते. म्हणजे त्या संपूर्ण खोलीच्या हवेत सुमारे १.४ मिलिग्रॅम सिलिका झाली की मर्यादा गाठली. हे वजन मिठाच्या वीस-पंचवीस दाण्यांइतके आहे. ग्राइंडर काही मिनिटांत ओंजळभर धूळ उडवतो. त्यातला थोडा अंशच श्वसनीय असला, तरी मर्यादा किती लवकर ओलांडली जाते याचा अंदाज येतो.

उघड्या छतावर वारा धूळ पांगवतो, हे खरे. पण ग्राइंडर धरणाऱ्याचे तोंड धुळीपासून हातभर अंतरावर असते. आणि वाऱ्याने पांगलेली धूळ शेजारच्या वाळत घातलेल्या कपड्यांवर, उघड्या पिंपात आणि कूलरच्या जाळीवर जाऊन बसते.

कायदा काय सांगतो?

सिलिकोसिस आणि ॲस्बेस्टॉसिस हे दोन्ही कारखाने अधिनियम, १९४८ च्या तिसऱ्या अनुसूचीत नोंदले गेले. म्हणजे असा रुग्ण आढळल्यास यंत्रणेला कळवणे बंधनकारक ठरवण्यात आले.

२७ जानेवारी १९९५ रोजी सर्वोच्च न्यायालयाने कन्झ्युमर एज्युकेशन अँड रिसर्च सेंटर विरुद्ध भारत सरकार या खटल्यात महत्त्वाचा निकाल दिला. कामगाराचे आरोग्य हा जगण्याच्या मूलभूत हक्काचा भाग आहे, असे न्यायालयाने म्हटले. ॲस्बेस्टॉस कारखान्यातल्या प्रत्येक कामगाराची आरोग्यनोंद नोकरी लागल्यापासून किमान ४० वर्षे किंवा नोकरी सुटल्यानंतर १५ वर्षे, यांपैकी जे नंतर येईल तोपर्यंत ठेवावी, असा आदेश दिला. बाधित कामगारांना एक लाख रुपये भरपाईचीही तरतूद झाली. २०११ मध्ये मात्र ॲस्बेस्टॉसवर सरसकट बंदीची मागणी न्यायालयाने मान्य केली नाही.

इथेच खरी विसंगती आहे. पत्रा तयार करणाऱ्या कामगाराची आरोग्यनोंद ४० वर्षे ठेवायची असा आदेश आहे. तोच पत्रा छतावर चढून घासणाऱ्या रंगाऱ्याची नोंद कुणाकडेच नसते. आज इथे, उद्या तिथे, रोजंदारीवर काम. त्याच्या बाबतीत कारखाना नाही, हजेरीपट नाही, एक्स-रे नाही. त्यामुळे त्याचे संरक्षण त्या दिवशी त्याला काम देणाऱ्याच्या हातात असते. घरमालकाने ‘घासू नका’ असे सांगणे, हीच अनेकदा त्याला मिळणारी एकमेव सुरक्षा असते.

छतावरचा पत्रा : न घासता रंग कसा द्यायचा?

छपराला भिंतीसारखा गुळगुळीतपणा लागत नाही, ही पहिली गोष्ट. पत्र्याचा खडबडीतपणाच रंगाला पकड देतो. पकड सुटते ती शेवाळ, धूळ आणि सुटलेल्या पापुद्र्यामुळे. ते काढायला घासण्याची गरज नाही.

• ग्राइंडर, सँडिंग मशीन, कोरडा पॉलिश पेपर आणि कोरडा तारेचा ब्रश पत्र्यावर वापरायचा नाही. जोरदार फवाऱ्याचे प्रेशर वॉशरही नाही. त्याने पत्र्याचा वरचा थर सुटतो आणि तंतू पाण्याबरोबर सगळीकडे जातात.

• रंगाच्या दुकानात शेवाळ आणि बुरशी मारणारे द्रावण मिळते. ते डब्यावरच्या सूचनेप्रमाणे हलक्या हातपंपाने फवारावे आणि शेवाळ मरू द्यावे. त्यानंतर भरपूर ओले ठेवून लांब दांड्याच्या मऊ पोछ्याने हलकेच टिपून घ्यावे. पोछा चोळू नये.

• सुटलेले पापुद्रे ओले करून, ओल्या फडक्याने उचलून घ्यावेत. जो रंग घट्ट धरून आहे, त्याला हात लावू नये.

• पत्रा सुकला की आधी सिमेंटसाठीचा, क्षार सहन करणारा प्रायमर द्यावा. वर बाहेरच्या कामाचा पाण्यात मिसळणारा ॲक्रिलिक रंग किंवा छतासाठीचे पांढरे लेपन. सिमेंट क्षारयुक्त असते. त्यावर थेट ऑइल पेंट दिला तर क्षारामुळे तो साबणासारखा होऊन सुटतो आणि पुढच्या वर्षी पुन्हा खरवडण्याची वेळ येते. रंगाची निवड योग्य असेल तर घासकामाची वेळच येत नाही.

• बोट फिरवल्यावर पिठासारखी पूड येत असेल, कडा चुरत असतील, पत्रा ठिकठिकाणी तडकला असेल, तर त्याला रंग देऊ नये. तो बदलण्याच्या लायकीचा झाला आहे. बदलताना हातोड्याने फोडू नये. ओला करून, हुक आणि बोल्ट सोडवून अख्खा उतरवावा.

पंख्याचा हुक, डिश किंवा सोलरसाठी सिमेंट पत्र्याला भोक पाडणे हेही धूळ उडवणारे काम आहे, हे लक्षात असू द्यावे.

भिंतीवरचा बोर्ड : घासावाच लागला तर?

ॲस्बेस्टॉसमुक्त असल्याची लेखी खात्री असलेल्या बोर्डापुरताच पुढचा भाग आहे. खात्री नसेल तर वरचेच नियम पाळावेत.

नवा बोर्ड मुळात घासावा लागत नाही. कारखान्यातून आलेला त्याचा पृष्ठभाग रंगासाठी पुरेसा असतो. तो घासला तर उलट जागोजागी कमीजास्त रंग पितो आणि डाग दिसतात. ओल्या फडक्याने धूळ आणि पांढरी क्षारांची पूड पुसावी, सुकू द्यावे आणि प्रायमर लावावा. सांध्यावरची पुट्टी किंवा जुना चकचकीत रंग, एवढ्याच जागी घासकाम लागते.

तिथे १८० किंवा २२० नंबरचा वॉटर पेपर घ्यावा. पृष्ठभाग ओला करावा, हातानेच आणि हलके घासावे. चमक गेली की थांबावे, बोर्डापर्यंत जाऊ नये. निघालेला लगदा सुकण्याआधीच ओल्या फडक्याने उचलावा. पाणी आणि विजेचे यंत्र एकत्र आणू नये. ओले घासायचे ते हातानेच. मोठे काम असेल आणि सँडर वापरायचाच असेल, तर त्याला हेपा फिल्टरचे धूळ ओढणारे यंत्र जोडलेले हवे. घरातला साधा व्हॅक्यूम क्लीनर बारीक धूळ मागच्या बाजूने पुन्हा हवेत सोडतो.

बोर्ड कापायचा असल्यास ग्राइंडरऐवजी धारदार पात्याने खोल रेघ मारून तो रेघेवर मोडावा. धूळ सर्वांत कमी होते.

जुन्या ऑइल पेंटच्या बाबतीत आणखी एक कारण आहे. घरगुती रंगातले शिसे ९० पीपीएमपर्यंत मर्यादित ठेवणारा नियम देशात १ नोव्हेंबर २०१७ पासून लागू झाला. त्याआधीच्या रंगात शिसे अधिक असू शकते. त्याची कोरडी धूळ लहान मुलांसाठी विशेष घातक असते.

दुपट्टा, सर्जिकल मास्क की एन-९५?

दुपट्टा ऊन आणि जाड धूळ अडवतो, बारीक कण नाही. सर्जिकल मास्क गालाला चिकटून बसत नाही, त्यामुळे कडेने हवा आत येते. बोर्डाच्या ओल्या घासकामाला एन-९५ किंवा एफएफपी-२ दर्जाचा मास्क किमान हवा. एन-९५ म्हणजे चाचणीत ०.३ मायक्रॉनचे किमान ९५ टक्के कण अडवणारा. दाढी वाढलेली असेल तर त्याची पकड सुटते आणि उपयोग संपतो. ओला किंवा मळलेला मास्क बदलावा.

ॲस्बेस्टॉससाठी एन-९५ पुरेसा मानला जात नाही. तिथे बदलता येणाऱ्या पी-१०० फिल्टरचा रबरी मास्क किंवा एफएफपी-३ लागतो. पण मास्क ही शेवटची ढाल आहे. मास्क लावला म्हणून पत्रा घासायला हरकत नाही, असा त्याचा अर्थ होत नाही. शेजारच्या अंगणात खेळणाऱ्या मुलाच्या तोंडावर मास्क नसतो.

छतावरचा दुसरा धोका कोणता?

धुळीचा परिणाम वर्षांनी दिसतो, पत्रा तुटून पडण्याचा परिणाम त्याच क्षणी. उन्हापावसात जुना झालेला सिमेंट पत्रा माणसाचे वजन पेलेल याची खात्री नसते. रंग दिलेल्या पत्र्यावर तडे आणि बोल्टच्या जागा झाकल्या जातात, त्यामुळे तो आणखी फसवा होतो. ओल्या शेवाळावरून पायही घसरतो.

पत्र्यावर थेट पाय ठेवू नये. खालच्या आधाराच्या दोन-तीन कैच्यांवर टेकतील अशा लांब, रुंद फळ्या टाकून त्यावरूनच हालचाल करावी. पत्र्याला नव्हे, तर पक्क्या बांधकामाला दोर बांधून सेफ्टी बेल्ट लावावा. जमिनीवरून किंवा पहाडावरून लांब दांड्याच्या रोलरने काम होत असेल तर छतावर चढूच नये. भर दुपारी काम थांबवावे.

काम झाल्यावर धूळ आणि तुकड्यांचे काय करायचे?

झाडू मारू नये. कोरड्या झाडूने खाली बसलेली धूळ पुन्हा हवेत जाते. पाणी शिंपडून, ओल्या फडक्याने पुसावे. फडकी, मास्क आणि पापुद्रे दोन पिशव्यांत एकात एक घालून घट्ट बांधावेत. ॲस्बेस्टॉसचे अवशेष घातक कचऱ्याच्या नियमांत मोडतात. त्यामुळे पत्र्याचे तुकडे घंटागाडीत, नाल्यात किंवा रस्त्याच्या खड्ड्यात भरायला देऊ नयेत. त्यावरून गाड्या गेल्या की त्यांचीच पूड होते. तुकडे ओले करून, प्लास्टिकमध्ये गुंडाळून वेगळे ठेवावेत आणि ते कुठे द्यायचे हे नगर परिषदेच्या स्वच्छता विभागाला विचारावे. अख्खा उतरवलेला पत्रा गोठ्याला किंवा चुलीच्या आडोशाला लावण्याचा मोहही टाळलेला बरा.

कामाचे कपडे घरी नेऊन झटकू नयेत. ॲस्बेस्टॉस कामगारांचे कपडे धुणाऱ्या त्यांच्या घरच्या बायकांनाही मेसोथेलिओमा झाल्याची उदाहरणे जगभरात नोंदली गेली आहेत. कपडे कामाच्या जागीच ओले करून वेगळे धुवावेत आणि अंघोळ करूनच मुलांना जवळ घ्यावे.

आधीच घासून झाले असेल तर?

घाबरून जाण्याचे कारण नाही. आजाराचा धोका एकूण किती धूळ, किती वर्षे श्वासातून गेली यावर अवलंबून असतो. एकदा छत घासले म्हणून आजार होतोच असे नाही. तसेच चांगल्या स्थितीतल्या, न तुटलेल्या पत्र्याखाली राहणे आणि तो घासणे यांत मोठा फरक आहे. पत्रा शाबूत असेल तर त्याला तसाच राहू द्यावा.

मात्र वर्षानुवर्षे हेच काम करणाऱ्यांनी दम लागणे, न थांबणारा कोरडा खोकला, छातीत जडपणा याकडे दुर्लक्ष करू नये. डॉक्टरांकडे गेल्यावर लक्षणांबरोबर ‘मी सिमेंट पत्रे घासतो, बोर्ड कापतो’ हे आवर्जून सांगावे. क्षयाचे औषध सुरू असूनही गुण येत नसेल, तर हे एक वाक्य निदानाची दिशा बदलू शकते. छातीचा एक्स-रे आणि फुंकर मारून होणारी फुप्फुसाच्या क्षमतेची तपासणी, या पहिल्या दोन चाचण्या. विडी-सिगारेट सोडणे हा या सगळ्यातला सर्वांत स्वस्त उपाय.

रंगकाम हे बांधकाम कामगारांच्या कायद्यात येणारे काम आहे. वय १८ ते ६० असेल आणि मागच्या वर्षभरात किमान ९० दिवस असे काम केले असेल, तर रंगाऱ्याला महाराष्ट्र इमारत व इतर बांधकाम कामगार कल्याणकारी मंडळात नोंदणी करता येते. तो काय काम करतो, याची कागदावर कुठेतरी नोंद होण्याचा हाच मार्ग आज त्याच्या हाताशी आहे.

तर मग थोडक्यात काय?

छताचा पत्रा असेल तर घासायचा नाही. भिंतीचा बोर्ड ॲस्बेस्टॉसमुक्त आहे याची खात्री असेल, तर लागेल तेवढेच, ओले आणि हाताने घासायचे. रंगाऱ्याशी भाव ठरवताना ‘घासकाम धरून की सोडून’ हे विचारले जातेच. यंदा त्या जागी ‘घासायचे नाही, शेवाळाचे औषध आणि प्रायमर माझ्याकडून’ असे सांगावे. खर्चात फार फरक पडणार नाही. घर तेवढेच थंड राहील आणि छतावर चढलेला माणूस चांगल्या फुप्फुसांनिशी खाली उतरेल.